पगडीच्या इमारतीत भाडेकरू संघ कसा उभा करायचा: नव्याने पुढे येणाऱ्यांसाठी

मालक बदलला ही गोष्ट चाळीला सहसा सर्वांत शेवटी कळते. पावतीपुस्तक घेऊन येणारा मेहता येईनासा होतो, जिन्याखालचा दिवा कुणी बदलत नाही, आणि मग एक दिवस गोड बोलणारा माणूस एकेका खोलीत चहाला यायला लागतो. पहिल्या मजल्यावर तो म्हणतो, “वरचे सगळे तयार आहेत.” वरच्या मजल्यावर म्हणतो, “खालच्यांनी सह्या दिल्या.” गिरगाव असो, लालबाग असो, माझगाव की माहीम, पद्धत हीच.

मालकाकडे पैसा असतो, वकील असतात, ओळखी असतात. तरी त्याचं निम्मं काम होतं ते एकेकाला वेगळं गाठून. संघाने करायचं ते एवढंच, की त्याला ठोठवायला एकच दार उरेल. खाली जे लिहिलंय ते पहिल्यांदाच या कामात पडलेल्यांसाठी आहे: आजोबांची खोली नावावर येऊ घातलेली मुलगी, निवृत्तीनंतर ‘तुम्हीच बघा आता’ म्हणून पुढे ढकललेले काका, वगैरे.

आधी आपण कोण, ते ठरवा

अकरा महिन्यांच्या लिव्ह अँड लायसन्सवर राहत असाल तर पुढचं बरंचसं तुम्हाला लागू नाही. तुमच्यासाठी दोनच गोष्टी. करार लेखी आणि नोंदणीकृत असायला हवा, आणि तो नोंदवण्याची जबाबदारी कायद्याने घरमालकाची आहे. मुदत संपल्यावर मात्र खोली सोडावी लागते, तिथे संघ फारसा कामी येत नाही.

पगडीचे, म्हणजे एकरकमी पैसे देऊन खोली घेतलेले आणि जुन्या दराने महिन्याचं भाडं भरणारे, भाडेकरू असाल तर महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ हा तुमचा मुख्य आधार. तो ३१ मार्च २००० पासून लागू आहे आणि १९४७ च्या मुंबई भाडे कायद्याच्या जागी आला. त्यातलं पाठ करून ठेवावं असं कलम १५ वे: भाडेकरू प्रमाण भाडं (कायद्याने मान्य असलेलं भाडं) भरतोय, भरायला तयार आहे आणि बाकीच्या अटी पाळतोय, तोवर त्याला ऊठ म्हणता येत नाही. भाडं थकलं तरी मालकाला आधी लेखी मागणी करावी लागते आणि त्यानंतर ९० दिवस थांबावं लागतं. भाडं वर्षाला ४ टक्के वाढवण्याचा हक्क त्याला आहे. वाढलेले कर आणि दुरुस्ती उपकरही तो मागू शकतो. तेव्हा ‘आमचं भाडं कधीच वाढू शकत नाही’ असं सभेत छातीठोक सांगणाऱ्याला वेळीच थांबवा. चुकीच्या माहितीवर उभा राहिलेला संघ मालकाच्या वकिलाच्या पहिल्याच पत्राने आडवा होतो.

खाली बँकेची शाखा किंवा मोठी कंपनी भाडेकरू असेल तर तिला हा कायदा लागू होत नाही. बँका, सार्वजनिक उपक्रम आणि १ कोटी वा अधिक भरणा भांडवल असलेल्या कंपन्या त्यातून वगळलेल्या आहेत. आपल्या लढ्यात त्यांना धरू नका.

पावती

संघाची पहिली सभा घेण्याआधी प्रत्येक घरातली शेवटची भाडेपावती बघा. निम्म्या घरांत ती ट्रंकेत, देवघरामागे किंवा ‘दादाकडे असेल’ अशा अवस्थेत सापडते. तिच्यावर तीन गोष्टी तपासा: नाव कुणाचं आहे, कुठल्या महिन्यापर्यंत भाडं भरलंय, आणि खोली राहण्यासाठी दिली आहे की धंद्यासाठी.

नाव वारलेल्या आजोबांचं असेल तर घाबरू नका. भाडेकरूच्या मृत्यूच्या वेळी त्याच्याबरोबर राहणारा कुटुंबीय, आणि तसा कुणी नसेल तर वारस, कायद्याच्या व्याख्येतच भाडेकरू ठरतो. मालक नाव चढवायला लाखात आकडा सांगतो, तेव्हा त्याला आठवण करून द्या की खोली वारसाने आली आहे, विकली गेलेली नाही. खोली दुसऱ्याला हस्तांतरित करताना मोबदला घ्यायला १९९९ च्या कायद्याने मुभा दिली आणि मालकाला साधारण तिसरा हिस्सा देण्याचा रिवाज पडला. वारसाच्या नावनोंदणीला तो रिवाज चिकटवायचं कारण नाही. अडचण खरी होते ती भावाभावांत. चौघा भावंडांपैकी कुणाचं नाव लावायचं यावर घरात एकमत नसेल तर न्यायालय ठरवतं, आणि तोवर मालक मजेत असतो. ते भांडण घरात मिटवा. संघाच्या सभेत आणू नका.

दुसरा धोका बंद खोलीचा. मुलगा बदलापूरला गेला, खोलीला कुलूप, भाडं मात्र नियमित. सलग सहा महिने सबळ कारणाशिवाय खोली वापरली नाही तर ते खोली खाली करून घेण्याचं कारण होऊ शकतं. विजेचं बिल शून्य युनिटचं येत असेल तर मालकाला साक्षीदाराची गरजच नाही. अशा घरांची यादी संघाने स्वतः करावी आणि त्यांना स्पष्ट सांगावं: या, राहा, दिवा लावा.

आता मालक भाडंच घेत नसेल तर? हा जुना डाव आहे. दोन-तीन वर्षं भाडं नाकारायचं आणि मग थकबाकीचा दावा लावायचा. भाडं घेतलं की लेखी पावती देणं मालकाला कायद्याने बंधनकारक आहे, तो देत नसेल तर आपण पुरावा तयार करायचा. चेक किंवा पोस्टाची मनीऑर्डर पाठवा, आणि सोबत स्पीड पोस्टाने असं पत्र:

“मी खोली क्र. ___, ___ चाळ, येथील भाडेकरू आहे. ___ ते ___ या महिन्यांचे भाडे रु. ___ आपणांस देऊ केले असता आपल्या माणसाने ते स्वीकारले नाही. सदर रक्कम सोबतच्या चेकने पाठवीत आहे. कृपया पावती द्यावी. मी नियमित भाडे भरण्यास नेहमीच तयार होतो/होते व आहे.”

शेवटचं वाक्य कोर्टात कामाला येतं, ते गाळू नका. ‘घेण्यास नकार’ असा शेरा मारून पाकीट परत आलं तर ते फोडू नका. तसंच बंद ठेवा, त्यावर तारीख दिसते. हे पत्र सगळ्या खोल्यांनी एकाच आठवड्यात पाठवलं तर मालकालाही कळतं की आता गोष्ट वेगळी आहे. संघाचं पहिलं सामूहिक काम म्हणून मी नेहमी हेच सुचवतो. मोर्चा नको, बॅनर नको, आणि कुणाला घाबरायचंही कारण नाही.

इमारतीचे कागद

नगर भूमापन कार्यालयातून मालमत्ता पत्रक काढा. जमीन कुणाच्या नावावर आहे, कुठला ट्रस्ट आहे, कुणाचा बोजा आहे ते त्यावर दिसतं. नोंदणी विभागाच्या संकेतस्थळावर इंडेक्स-२ शोधा, म्हणजे इमारत गेल्या काही वर्षांत विकली गेली का ते समजतं. भाडेकरू कित्येक वर्षं ज्याला ‘शेठ’ म्हणत होते तो फक्त वसुलीचा माणूस निघाला, असंही होतं.

मग इमारत उपकरप्राप्त, म्हणजे सेसची आहे का ते पाहा. सेसच्या इमारती कुलाब्यापासून माहीम-शीवपर्यंतच्या शहर भागातच आहेत. १ सप्टेंबर १९४० पूर्वीच्या ‘अ’ वर्गात, तिथून १९५० अखेरपर्यंतच्या ‘ब’ वर्गात आणि १९५१ ते ३० सप्टेंबर १९६९ पर्यंतच्या ‘क’ वर्गात. त्यांच्या दुरुस्तीची जबाबदारी म्हाडाच्या मुंबई इमारत दुरुस्ती व पुनर्रचना मंडळाकडे आहे. पार्ल्यात, कुर्ल्यात किंवा मुलुंडला पगडीची इमारत असेल तर हे मंडळ तुमचं नाही. तुमचा संबंध महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसशी आणि पुनर्विकास झालाच तर विकास नियंत्रण नियमावलीतल्या ३३(७)(अ) या वेगळ्या नियमाशी.

सेसची इमारत असेल तर माहिती अधिकाराचा अर्ज टाका. शुल्क १० रुपये, उत्तराला मुदत ३० दिवस. चार गोष्टी मागा: इमारतीचा वर्ग, आजवरच्या दुरुस्त्यांचा खर्च, पुनर्विकासासाठी कुणी ना-हरकत प्रमाणपत्र मागितलंय का, आणि मंडळाकडची भाडेकरूंची यादी. यादीत खोली, नाव आणि क्षेत्रफळ नीट जुळतंय का ते प्रत्येकाने स्वतः वाचावं. १३ जून १९९६ नंतर नव्याने निर्माण झालेली भाडेकरारी पुनर्विकासात धरली जात नाही. त्यामुळे एका खोलीच्या दोन करून दोन फ्लॅट मिळवण्याचे बेत ज्यांच्या मनात असतील त्यांना आधीच जागं करा. आणि उलटंही बघा: मालकाने आपल्या नातलगांच्या नावावर यादीत भर टाकलेली नाही ना?

सभा

गच्चीवर, किंवा गणपतीचा मंडप पडतो त्या चौकात. मंडळाचे कार्यकर्ते आणि संघाचे कार्यकर्ते तेच असले तर काम सोपं जातं, पण समिती वेगळी ठेवा. मंडळात राजकीय पक्षांचे पाय असतात, आणि उद्या नगरसेवकाचा माणूस बिल्डरच्या बाजूने बोलायला लागला की मंडळाबरोबर संघही फुटतो.

समितीत प्रत्येक मजल्याचा एक माणूस घ्या आणि तळमजल्याच्या गाळेधारकांना सोडू नका. इथे बहुतेक चाळी चुकतात. दुकानदाराचं गणित वेगळं असतं. त्याला रस्त्याकडेचा गाळाच हवा असतो, बांधकामाच्या काळात धंदा बुडणार असतो, आणि म्हणून मालक आधी त्याच्याशी स्वतंत्र बोलणी करतो. त्याच्या मागण्या संघाच्या मागणीपत्रात पहिल्या दिवसापासून लिहिल्या, तर तो फुटायची शक्यता कमी. रहिवाशांना हे आवडत नाही. ‘त्याने इतकी वर्षं पायरीवर खोकी लावली’ वगैरे निघतंच. निघू द्या, पण त्याला आत घ्या.

बायकांना समितीत घ्या, आणि शोभेला नव्हे. बिल्डरचा माणूस दुपारी दोनला येतो, तेव्हा घरात असतात त्या बायका. शिवाय विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळण्यासाठी महिलांना उत्पन्नाची अट नाही.

इतिवृत्त त्याच रात्री लिहा. तारीख, हजर खोल्यांचे क्रमांक, ठराव, सूचक, अनुमोदक, सह्या. पहिल्याच सभेत एक ठराव हवाच: “मालक वा विकासकाशी कुठलीही बोलणी समितीमार्फतच होतील, समितीची किमान तीन माणसं हजर असतील, आणि कोणीही सभासद समितीला दाखवल्याशिवाय कुठल्याही कागदावर सही करणार नाही.” हा ठराव कायद्याने कुणाचे हात बांधत नाही. पण ‘मी एकटा कसा नाही म्हणू’ असं वाटणाऱ्या भिडस्त माणसाला तो निमित्त देतो: समितीला विचारतो, मग सांगतो. त्या निमित्ताची किंमत फार आहे.

वर्गणी थोडी ठेवा, पण पावती देऊन घ्या. हिशेब दर महिन्याला जिन्याच्या फळ्यावर लावा. पैशावरून संशय आला की संघ संपला, मालकाला काही करावंच लागत नाही. नोंदणी करायची असेल तर सात सभासद पुरतात. संस्था नोंदणी अधिनियम, १८६० आणि सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याखाली धर्मादाय आयुक्तांकडे ती होते. पण नोंदणीसाठी अडून राहू नका. नियमित सभा घेणारा बिननोंदणीचा संघ, कपाटात प्रमाणपत्र ठेवून झोपलेल्या संघापेक्षा बरा.

पाणी, गळती, टेकू

पाणी, वीज, जिन्यावरचे दिवे, लिफ्ट यांसारख्या आवश्यक सेवा मालक सबळ कारणाशिवाय तोडू शकत नाही. भाडे नियंत्रण अधिनियमाचं कलम २९ त्यासाठीच आहे. तोडल्या तर त्याच दिवशी फोटो काढा, समितीचं पत्र मालकाला पाठवा आणि पोलीस ठाण्यात जा. ‘हा दिवाणी मामला आहे’ असं ऐकायला मिळेल. वाद घालू नका, निदान अदखलपात्र नोंद करून तिची प्रत मागा. मग लघुवाद न्यायालयात अंतरिम आदेशासाठी अर्ज. मूळ दावे तिथे वर्षानुवर्षं चालतात हे खरंय, पण पाण्यासारख्या गोष्टीत अंतरिम आदेश लवकर मिळू शकतो.

दुरुस्ती मालकाचं काम. तो करत नसेल तर किमान १५ दिवसांची लेखी नोटीस देऊन भाडेकरू ती स्वतः, एकत्रितही, करू शकतात आणि खर्च भाड्यातून वळता करू शकतात. मात्र वर्षाला भाड्याच्या एक चतुर्थांशापर्यंतच. दोनशे रुपये भाडं असेल तर वर्षाचे सहाशे होतात. त्यात गॅलरीचा एक कठडाही येत नाही. म्हणून हे कलम पैशासाठी नव्हे, नोंदीसाठी वापरा. मालकाने हात वर केले, आम्ही नाही, हे फाइलला लागतं. मोठं काम दुरुस्ती मंडळाकडून करून घ्या: आपल्या विभागाच्या कार्यकारी अभियंत्याकडे अर्ज, संघाच्या शिक्क्यानिशी पोच. पावसाळ्याआधी. जूनमध्ये अर्ज घेऊन गेलात तर फक्त लाकडी टेकू मिळतील.

धोकादायक इमारतीची नोटीस

इथे दोन्ही बाजूंनी चुका होतात आणि इथल्या चुकीत माणसं मरतात. २०१७ मध्ये भेंडी बाजारची हुसैनी इमारत कोसळून तीसहून अधिक माणसं गेली; २०१९ च्या जुलैत डोंगरीत केसरबाई इमारतीचा भाग पडून १३. त्यामुळे ‘नोटीस आली म्हणजे मालकाचा डावच’ असं डोळे झाकून म्हणू नका. आणि डाव नसतोच, असंही नाही.

महापालिका आपल्या कायद्याच्या कलम ३५४ खाली नोटीस काढते. सी-१ म्हणजे रिकामी करून पाडण्याजोगी. सी-२ए, सी-२बी आणि सी-३ मध्ये दुरुस्ती शक्य असते. मालकाने आणलेला संरचनात्मक तपासणीचा अहवाल सी-१ म्हणत असेल, तर संघाने आपला पात्र अभियंता नेमून दुसरा अहवाल करून घ्यावा. दोन अहवाल एकमेकांविरुद्ध असले तर प्रकरण महापालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीकडे जातं. वर्गणी जमवायची तर याच कामासाठी. आणि आपला अभियंताही सी-१ म्हणाला, तर निघा. निघण्यापूर्वी वॉर्ड ऑफिसला लेखी कळवून प्रत्येक खोलीचं मोजमाप आणि भाडेकरूंची यादी प्रमाणित करून मागा. आतून-बाहेरून फोटो, व्हिडिओ, मोजपट्टी लावून. इमारत पडली वा पाडली म्हणून भाडेकरूचा हक्क संपत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये स्पष्ट केलं आहे. पण खोली १८० चौरस फूट होती की २२०, हे ढिगाऱ्याकडे बघून कुणाला सांगता येणार नाही.

सेसच्या इमारतींसाठी म्हाडा कायद्यात कलम ७९-अ आलं आहे. इमारत धोकादायक ठरली की मालकाला ५१ टक्के संमतीसह पुनर्विकासाचा प्रस्ताव द्यायला सहा महिने मिळतात. त्याने काही केलं नाही तर भाडेकरूंच्या नियोजित सहकारी संस्थेला तशीच संधी, आणि त्यानंतर म्हाडा इमारत ताब्यात घेऊ शकते. या नोटिसा कुणी आणि कधी काढाव्यात यावर उच्च न्यायालयात वाद झाला आहे, तेव्हा हातात आलेली नोटीस वकिलाला दाखवल्याशिवाय पेढे वाटू नका.

संमतीपत्र

सेसच्या इमारतीच्या, नियम ३३(७) खालच्या पुनर्विकासाला ५१ टक्के भाडेकरूंची संमती लागते. चाळीस खोल्यांच्या चाळीत २१ सह्या. म्हणजे वीस खोल्या एकत्र राहिल्या तर मालकाला बोलणी करावीच लागतात, आणि एकविसावी सही पडली की चित्र पालटतं. संमतीपत्रात ‘अपरिवर्तनीय’ हा शब्द असतो. दिलेली सही मागाहून काढून घेता येत नाही असं समजूनच चाला. बहुमत गोळा झालं, दुरुस्ती मंडळाने ना-हरकत दिली, की न जाणाऱ्यांना म्हाडा कायद्याच्या कलम ९५-अ खाली झटपट बाहेर काढता येतं. त्यामुळे शेवटपर्यंत एकट्याने अडून बसून जास्त मिळवू, हा हिशेब सहसा फसतो. घासाघीस करायची ती सह्यांच्या आधी, सगळ्यांनी मिळून.

मागायचं काय? नियमाने किमान ३०० चौरस फूट चटई क्षेत्र मिळतंच. तेवढ्यावर ‘दिलं’ म्हणून मिरवणाऱ्याला काही विशेष दिल्याचं श्रेय देऊ नका. खरी बोलणी पुढच्या गोष्टींवर: बाहेरच्या भाड्याची रक्कम, तिची वार्षिक वाढ, दलाली आणि सामान हलवण्याचा खर्च, देखभालीसाठी कॉर्पस (कायम ठेव), कामाची मुदत, उशीर झाला तर काय, आणि मजला-फ्लॅट लॉटरीने ठरणार की मर्जीने. विकासकाची आधीची कामं महारेराच्या (गृहप्रकल्पांवर देखरेख करणाऱ्या सरकारी प्राधिकरणाच्या) संकेतस्थळावर बघा, आणि मग प्रत्यक्ष जाऊन तिथल्या रहिवाशांना विचारा. जाहिरातीतल्या नव्हे, अजून बाहेर भाड्याने राहणाऱ्यांना.

प्रत्येक खोलीचा पर्यायी निवासस्थानाचा करार स्वतंत्र आणि नोंदणीकृत हवा. मुद्रांक शुल्क विकासकाने भरायचं. करार नोंदल्याशिवाय, बांधकामाच्या परवानग्या हातात पाहिल्याशिवाय आणि भाड्याचे पुढच्या तारखांचे चेक मिळाल्याशिवाय चावी देऊ नका. ‘आधी रिकामी करा, परवानगी लगेच येते’ या वाक्यावर विश्वास ठेवलेल्यांनी संक्रमण शिबिरात दोन पिढ्या काढल्या आहेत.

बाहेर पडल्यावर

इमारत पाडली की संघ पांगतो. कुणी विरारला, कुणी डोंबिवलीला, आणि व्हॉट्सॲप ग्रुपवर फक्त सुप्रभात उरतं. म्हणून निघण्याआधीच सगळ्यांचे नवे पत्ते वहीत घ्या, दर दोन महिन्यांनी सभेचा दिवस ठरवून टाका, आणि जागेवर कोण फेरी मारणार त्याची पाळी लावा. भाड्याचा चेक वटला नाही तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांच्या आत लेखी नोटीस गेली पाहिजे. नोटीस मिळाल्यावर समोरच्याला पैसे द्यायला १५ दिवस, आणि त्यानंतर महिन्याभरात तक्रार. ‘पुढच्या महिन्यात एकदम देतो’ असा फोन आला की लोक थांबतात आणि ही मुदत निघून जाते. चेक कुणा एकाचाही परत आला तरी त्याने त्याच दिवशी मेमोचा फोटो समितीला पाठवायचा, हे निघतानाच ठरवून घ्या. तारखा सांभाळायला एकच माणूस नेमा, शक्यतो बँकेतून निवृत्त झालेला.